म्हशीला दिलेला आवाज

मी आयुष्यभर मुंग्या, उंदीर, बेडूक, एक लंगडा कावळा आणि एक म्हैस यांच्यासाठी संगीत दिलं. माणसांसाठी जवळजवळ नाहीच. कांदिवलीच्या आमच्या इमारतीत माझी ओळख 'दुसऱ्या मजल्यावरचे कार्टूनवाले' एवढीच होती आणि पोस्टमनही तसंच विचारत यायचा. तरुणपणी त्याचा राग यायचा. पुढे राग गेला. समजूतदारपणा आला म्हणून नाही, सवय झाली म्हणून.

वडील गिरणीत होते, मूळचे राजापूरकडचे. चाळीतल्या भजनी मंडळात मी पेटीवर बसलो तो दहाव्या वर्षी, कारण नेहमीच्या पेटीवाल्याला त्या दिवशी ताप होता. तिथून नाटकांच्या तालमी, मग सिनेमाच्या वाद्यवृंदात शेवटच्या रांगेत, असं करत करत अंधेरीच्या एका छोट्या स्टुडिओत पोचलो. गॅरेजच्या वर दोन खोल्या. एकीत वाकून चित्रं काढणारी माणसं, दुसरीत कॅमेरा. तिथला मुख्य चित्रकार अंबोलीच्या गावठाणातला, ख्रिस्ती, वडिलांची मरोळकडे भातशेती. त्याने मला पहिल्याच दिवशी विचारलं, "मुंगी जिना चढते, त्याचा आवाज कसा येईल रे?"

मला वाटलं टिंगल करतोय. पण त्याने खरंच मुंगी काढली होती, डोक्यावर साखरेचा दाणा आणि समोर सोळा पायऱ्या. मी भाता जेमतेम हलवत पेटीच्या वरच्या सप्तकात सोळा सूर नखाने वाजवले. शेवटच्या पायरीवर ती दमणार, म्हणून शेवटचा सूर जरा अडखळवला. त्याने चहा मागवला. मी तिथे वीस वर्षं राहिलो.

आमचं काम समजायला सोपं आहे, फक्त कोणी विचारत नाही. सिनेमाची फिल्म सेकंदाला चोवीस चित्रं पुढे सरकवते. एकेका चित्राला फ्रेम म्हणायचं. कार्टूनमध्ये ती सगळी हाताने काढायची, म्हणून आमच्याकडे आधी संगीत आणि मग चित्रं. दर बाराव्या फ्रेमला ठोका ठेवला तर पात्र झपझप चालतं, अठराव्याला ठेवला तर रमतगमत. कुठला सूर कितव्या फ्रेमला पडतो याचा तक्ता मी चित्रकाराला द्यायचो आणि तो त्या तक्त्याबरहुकूम बेडकाचा पाय उचलायचा.

पुढे पुढे मला जगच फ्रेममध्ये दिसायला लागलं. नळ ठिबकला की मी मोजायचो. बायको पोळी लाटायची, तर लाटण्याचा एक फेरा बावीस फ्रेमचा. तिला तसं सांगितलं की म्हणायची, "अहो, मग मीठ किती फ्रेम घालू तेही सांगा." मी म्हणायचो, घड्याळ मागेपुढे होईल, फिल्मचे चोवीस होणार नाहीत. ही माझी फुशारकी होती. वीस वर्षांत तिला कुठे धक्का लागला नव्हता.

बायको गाणारी नव्हती. शाळेत प्रार्थनेच्या वेळी बाईंनी तिला नुसते ओठ हलवायला सांगितलं होतं, कारण तिच्या आवाजाने बाकीच्या मुली खाली घसरत. बायकांच्या मानाने तिचा आवाज फार खालचा. तिचा सा पांढरी चारला, म्हणजे पेटीच्या चौथ्या पांढऱ्या पट्टीला, जिथे बायका सहसा थांबतही नाहीत. त्या आवाजाला जराशी खरखर होती, सर्दी उतरल्यावर राहते तशी. तांदूळ निवडताना, कपड्यांच्या घड्या करताना ती तोंड मिटून गुणगुणायची, शब्द नाहीत, काही नाही. मी पेटीवर बसलेला असलो की गप्प व्हायची. मी तिला थांबू नको असं कधी म्हटल्याचं आठवत नाही. मी कामात असायचो.

ऐंशीच्या दशकाची नुकतीच सुरुवात झाली होती, तेव्हा दिल्लीच्या एका सरकारी खात्याने मुलांसाठी अठरा मिनिटांचं कार्टूनचं चित्र काढायला सांगितलं. एवढं लांब काम आम्हाला आधी मिळालं नव्हतं. गोष्ट चित्रकाराचीच होती. एक म्हातारी म्हैस आणि तिच्या पाठीवर बसणारा एक बगळा. तळं आटतं, म्हणून दोघं पाणी शोधायला निघतात. बगळ्याला मधूनच उडून जाता येईल, पण तो जात नाही. तो घाबरू नये म्हणून म्हैस वाटभर गुणगुणते. शब्द एकही नाही.

आम्ही दोघं जोगेश्वरीच्या तबेल्यात जाऊन चार सकाळी नुसते म्हशी बघत उभे राहिलो. चित्रकाराला त्याची गरज नव्हती, तो म्हशींमध्येच वाढलेला. मला होती. म्हैस पाऊल टाकते ते दर अठराव्या फ्रेमला. मी घड्याळ लावून पाहिलं.

असल्या कामात चित्रकारांसाठी आधी एक कच्चा आवाज भरून द्यायची रीत होती. त्याला आम्ही गाइड म्हणायचो. त्यावर सगळी चित्रं निघायची आणि शेवटी मोठ्या हॉलमध्ये चांगल्या गायिकेकडून तेच पक्कं करून घ्यायचं. गाइड कोणीही गायला तरी चालतो. मी बायकोला म्हटलं, तूच गा.

"मी? म्हशीसाठी?"

"गाइड आहे गं फक्त. फेकून द्यायचा आहे."

मे महिन्याची दुपार होती. पोरगी चार वर्षांची, ती शेजारच्या मावशींकडे झोपली होती. स्टुडिओचा स्पूलचा टेपरेकॉर्डर मी रिक्षातून आणला होता. पंखा बंद, कारण त्याची घरघर टेपवर येते. खिडक्या बंद. गाणाऱ्याने हेडफोनमध्ये ठोक्याची टकटक ऐकत गायचं असतं. तिने दोन मिनिटांत हेडफोन काढून माझ्या हातात दिला. "हे डोक्यात खिळे ठोकल्यासारखं वाटतं. मला नाही जमणार." मग मी तो माझ्या कानाला लावला, तिचं मनगट धरलं आणि दर अठराव्या फ्रेमला बोटाने हलकेच दाबत राहिलो. ती डोळे मिटून गुणगुणत होती. घामाने मनगट निसटायचं, मी परत धरायचो. मध्येच खालून भंगारवाला ओरडत गेला आणि तिला नाकातल्या नाकात हसू फुटलं, पण ती थांबली नाही. मी ते हसू तसंच ठेवलं. गाइडच तर होता.

तो एक तास माझ्या संसारातला सगळ्यात चांगला तास होता. तेव्हा मला हे कळलं नाही. माझं लक्ष टेपरेकॉर्डरवरच्या आवाजाच्या काट्याकडे होतं.

चित्रकाराने त्या गाइडवर चार महिने चित्रं काढली. ती जिथे श्वास घेते तिथे त्याने म्हशीच्या नाकपुड्या फुगवल्या. जिथे तिचा सूर जरा थकतो तिथे मान खाली घातली. ते नाकातलं हसू होतं तिथे म्हशीच्या कानावर माशी बसवली आणि कान झटकला. मग पक्क्या ध्वनिमुद्रणाला एक नाणावलेली गायिका आली. फार सुरेख गायली. पण पडद्यावर म्हैस एकीकडे श्वास घेई आणि बाई दुसरीकडे. तीनदा करून पाहिलं. ती शिकलेली बाई, तिचा श्वास कुठे संपतो तेच कळत नव्हतं. चित्रकार भडकला.

"चार महिने मी वहिनींच्या श्वासावर हात चालवला. आता दुसरा श्वास कुठून आणू? ती म्हैस वहिनीच आहे. तोच आवाज ठेव."

तोच ठेवला. गाइडच्या आवाजाचं नाव पडद्यावर द्यायची रीत नव्हती, म्हणून तिचं नाव घातलं नाही. तिनेही मागितलं नाही. "बरं झालं," म्हणाली, "माहेरी काय सांगू, मुंबईला जाऊन म्हैस झाले म्हणून?" स्टुडिओत सगळ्यांना चित्र दाखवलं तेव्हा ती पोरीला मांडीवर घेऊन मागे बसली होती. पोरगी पाच मिनिटांत झोपली. बायको पदर तोंडाला लावून अठरा मिनिटं हसत होती. परत येताना जिन्यात म्हणाली, "मी एवढी सावकाश गाते होय?" मी म्हटलं, अठरा फ्रेम. ती म्हणाली, "तुमचं डोकं."

आता जे सांगायचं ते मी कुणाला फारसं सांगितलेलं नाही.

ती स्पूल माझ्या कपाटात होती. चांगली टेप सहज मिळायची नाही आणि एका कामाची टेप पुढच्या कामाला वापरणं ही सगळ्यांचीच रीत. आवाज फिल्मवर उतरला की टेपचं काम संपलं. एका दंतमंजनाची जाहिरात आली होती, त्यात दात नाचतात. मी तीच स्पूल लावली आणि तिच्यावर नाचणारे दात भरले. हे मी आमच्या घरात केलं, आणि ती पलीकडच्या खोलीत तांदूळ निवडत होती. गुणगुणतही असेल. माणूस भिंतीपलीकडे बसलेलं असताना त्याचा आवाज कोण जपून ठेवतो? असं मी स्वतःला पुष्कळदा समजावलं आहे. त्याने काही होत नाही.

पुढच्या वर्षी तिला कावीळ झाली. आधी गावठी औषध, मग डॉक्टर, मग हॉस्पिटल. तीन आठवड्यांत संपलं. शेवटच्या दोन दिवसांत ती बोलत नव्हती. पोरगी तेव्हा पाच वर्षांची होती.

त्या वयाच्या मुलाला किती आठवतं? मला वाटलं होतं पुष्कळ आठवेल. फोटो होते, साड्या होत्या, तिच्या हातची लोणच्याची बरणी आम्ही वर्षभर संपू दिली नाही. पण दीड वर्षाने एकदा वेणी घालून घेताना पोरीने विचारलं, "बाबा, आई कशी बोलायची?"

मी सांगायला लागलो, तुला चिमणे म्हणायची, मला अहो म्हणायची.

"काय बोलायची नाही. कशी बोलायची? मला आठवतच नाहीये."

मी ती धून गुणगुणून दाखवली. ती म्हणाली, हा तर तुमचा आवाज. मी पेटी काढली, पांढरी चारला सा धरून वाजवून दाखवली. ती म्हणाली, ही तर पेटी. रडली नाही. रिबीन पुढे केली आणि म्हणाली, "राहू दे, बांधा." जन्मभर मी मुंगीच्या पावलांनासुद्धा आवाज दिला होता आणि माझ्या पोरीला तिच्या आईचा आवाज मला देता येत नव्हता. मला स्वतःची एवढी चीड कधीच आली नव्हती.

मी तिला शब्द दिला की आईचा आवाज एका सिनेमात आहे आणि मी तो तुला ऐकवीन.

अंधेरीचा स्टुडिओ तोवर बंद झाला होता, मालक परदेशी गेले. तिथल्या ध्वनिफितीही रीतीप्रमाणे पुसून दुसरीकडे वापरल्या गेल्या होत्या. चित्राची एकच प्रत, ती दिल्लीला. मी पत्रं लिहिली. एकदा जाऊनही आलो, तर ज्याच्याकडे कपाटाची किल्ली तो माणूस रजेवर होता. खाजगी माणसाला प्रत देता येत नाही असं उत्तर आलं. मी परत लिहिलं. अडीच वर्षं लिहीत राहिलो. या काळात दोन छोटी कामं केली, मग कामंही थांबली. बोरिवलीला एका शाळेच्या वर्गात संध्याकाळी मुलांना पेटी शिकवायला लागलो. अखेर दिल्लीहून कळलं की चित्र अमुक रविवारी सकाळी मुलांच्या कार्यक्रमात टीव्हीवर दाखवणार आहेत.

पोरगी तेव्हा नऊ वर्षांची झाली होती. आमच्याकडे टीव्ही नव्हता, मावशींकडे होता, नवा, रंगीत. त्या रविवारी त्यांच्या खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. चित्रकारही अंबोलीहून आला होता, चर्च आटोपून, इस्त्रीच्या शर्टात. मी माझा कॅसेटचा टेपरेकॉर्डर टीव्हीच्या पुढ्यात स्टुलावर ठेवला आणि सगळ्यांना दम भरला की कोणी खोकायचंसुद्धा नाही. मावशींनी कुकर चढवलेला होता, तो मी उतरवायला लावला. पोरगी टीव्हीच्या इतकी जवळ बसली होती की मावशी म्हणाल्या डोळे जातील. तिने ऐकलं नाही.

चित्र सुरू झालं. पहिल्याच वळणापासून ठेका पळत होता. फार नाही, पण मी गुडघ्यावर बोटाने अठरा मोजत होतो आणि म्हैस माझ्या आधी पाऊल टाकत होती. मला वाटलं माझंच मन पळतंय. मग तिचा आवाज आला.

वर होता. पांढरी चार सोडून जवळजवळ लगतच्या वरच्या काळी तीनच्या दारात, अर्ध्या सुराला थोडा कमी. खरखर पातळ झालेली. म्हातारी म्हैस नव्हती ती, पारडी होती. श्वास तिचेच, माशीही तिथेच बसली, कानही झटकला. ओळख पटत होती आणि माणूस वेगळं होतं. एखाद्याची धाकटी बहीण दारात यावी तसं झालं. अठरा मिनिटांचं चित्र सव्वासतरा मिनिटांत संपलं.

मावशी डोळे पुसत होत्या. पोरगी वळली. तिचं तोंड मी तसं आधीही पाहिलं नव्हतं आणि नंतरही नाही. कितीतरी वर्षं अडलेलं काहीतरी सुटल्यासारखं ते उघडं पडलं होतं.

"आई अशीच होती ना बाबा? अस्साच आवाज होता ना?"

मी म्हणालो, "हो. अस्साच."

चित्रकाराने माझ्याकडे बघितलं. जिन्यात त्याने मला गाठलं. "पंचवीस," म्हणाला. "टीव्ही पंचवीसने चालतो. सिनेमाची फिल्म लावली की सगळं थोडं पळतं, थोडं चढतं. मला वाटलं तुला माहीत असेल."

"मला कुठून माहीत असणार?"

"अरे यार, सगळ्या धंद्याला माहीत आहे. तू तुझ्या चोवीसमध्येच बसून राहिलास." मग त्याने माझा खांदा धरला. "पोरीला आजच सांग. आत्ता वर जाऊन सांग. उद्यापर्यंत ठेवशील तर वाट लागेल."

तो खरं बोलत होता. मी वर गेलो. पोरगी कॅसेट मागे फिरवून परत ऐकत होती, गाल टेपरेकॉर्डरला लावून. मी मनात म्हटलं, उद्या सांगू.

उद्या सांगितलं नाही. त्या आठवड्यात नाही, त्या वर्षी नाही. ती रोज ऐकायची. शाळेची वेणी घालताना, परीक्षेच्या आधी, ताप आला की. आजारी असताना तिला औषधापेक्षा कॅसेट आधी लागायची. काही महिन्यांत ती स्वतःही ती धून गुणगुणायला लागली आणि बरोबर त्याच उंचीवर, ना पांढरी चार ना काळी तीन, पेटीवर कुठे सापडणार नाही अशा जागी. पोरीचा कान चांगला होता. माझ्यावर गेला होता, हे म्हणताना आता लाज वाटते. मी मात्र दुसऱ्या खोलीत जाऊन बसायचो. रोज माझ्या घरात माझ्या बायकोच्या नावावर एक परकी बाई गात होती आणि तिला मीच घरात घेतलं होतं. पोरगी विचारायची, "बाबा, तुम्हाला आईचं ऐकायला आवडत नाही का?" मी म्हणायचो, त्रास होतो गं. ते खोटं नव्हतं.

असं दीड वर्ष गेलं. एक दिवस शाळेतल्या वर्गाचा टेपरेकॉर्डर हळू चालत होता, म्हणून तिथला शिपाई दुरुस्तीवाल्याला घेऊन आला. त्याने मागचं झाकण काढलं, मोटरच्या बुडाला एक बारीक भोक असतं त्यात बारीक पेचकस घातला आणि जरासा फिरवला. आवाज चढला. मी बघत राहिलो. एवढंच होतं तर. इतकी वर्षं यंत्रांबरोबर काढून मला हे सुचलं नव्हतं, कारण मी फक्त पुढून वाजवणारा.

दुसऱ्या दिवशी पोरगी शाळेत गेल्यावर मी दार लावलं. टेपरेकॉर्डर पालथा घातला, झाकण काढलं. पेटी शेजारी ओढली, डाव्या हाताने भाता आणि कपड्यांचा चिमटा फटीत खोचून पांढरी चार दाबून ठेवली. उजव्या हातात पेचकस. कॅसेट लावली. मग अगदी थोडं थोडं फिरवत गेलो. आवाज खाली यायला लागला. पारडीची पोरसवदा चकाकी गेली. खरखर जाड झाली. पेटीचा सूर आणि तिचा सूर यांच्यामधली भांडणाची थरथर सावकाश होत होत थांबली.

आणि ती खोलीत होती.

दुसरं काय सांगू? तीच होती. पंखा बंद असलेली दुपार, तो घाम, ते मनगट. नाकातलं हसू आलं तेव्हा मी मोठ्याने रडलो. बायको गेली त्या दिवशी नातेवाईक होते, पोरगी होती, तेव्हा असं रडता आलं नव्हतं. मी किती वेळा कॅसेट मागे फिरवली ते आठवत नाही. तिच्याशी बोललोसुद्धा. स्पूल पुसली म्हणून माफी मागितली. साडेपाच वर्षांत पहिल्यांदा मला बरं वाटलं.

पोरगी आली. मी तिला हात-पाय धुवायलाही दिले नाहीत. दप्तरासकट खाली बसवलं आणि म्हटलं, ऐक.

ती ऐकायला लागली. कपाळाला आठी पडली. थोड्या वेळाने म्हणाली, "बाबा, सेल संपलेत का?"

"नाही."

"मग टेप हळू का चाललीय? आईचा आवाज बघा ना कसा झालाय. घोगरा."

मी तिला सगळं सांगितलं. चोवीस, पंचवीस, पांढरी चार, टीव्ही. माझ्या मते फार नीट सांगितलं. म्हटलं, हा खरा आवाज. आई अशी होती.

"पण तुम्ही तेव्हा म्हणालात अस्साच होता म्हणून."

"चुकलं माझं."

ती रडायला लागली नाही, रागावली. दहा-अकरा वर्षांची पोर, पण उठून उभी राहिली आणि माझ्या डोक्यावरून टेपरेकॉर्डरकडे हात केला. "ही आई नाहीये. मला माहितीये ना आई कशी होती. मी रोज ऐकते. ही कोणतरी मोठी बाई आहे. तुम्ही बिघडवलात तिला." आणि मग रडली. आई गेली तेव्हा ती लहान होती, तेव्हा तिला कळलं नव्हतं. ते सगळं रडणं त्या दिवशी निघालं. मी जवळ घ्यायला गेलो तर तिने हात झटकला.

कुणी म्हणेल, दोन कॅसेट करायच्या होत्या, एक तुला, एक तिला. चित्रकारही तेच म्हणाला. दुसरा टेपरेकॉर्डर कोणाकडूनही मिळाला असता, अर्ध्या तासाचं काम. मी केलं नाही. एका घरात मला दोन आया ठेवायच्या नव्हत्या, आणि माझी असती ती मी लपवून ऐकली असती.

संध्याकाळपर्यंत ती खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडली होती. मी टेपरेकॉर्डर तिच्या शेजारी खाटेवर ठेवला, पालथा, आणि पेचकस घातला. या वेळी पेटी लागली नाही. कुठवर न्यायचं ते कानाला पाठ होतं. एकदा शेवटचं ऐकून घेतलं आणि फिरवायला लागलो. ती वर चढत गेली, हलकी होत गेली. मी हळूहळू फिरवत होतो, कारण हात लवकर उरकायला तयार नव्हता. पोरीने कूस बदलली. डोळे सुजलेले होते. ती कान देऊन ऐकत होती, आणि मी जरा पुढे गेलो तेव्हा तिने बोट वर करून मला थांबवलं.

"थोडं मागे," म्हणाली. "हां. बस."

मी हात काढून घेतला.

"आता आली," ती म्हणाली.